अस्सल आणि खरी नक्कल

उन्हाळ कांद्याच्या हंगामात लासलगावच्या बाजार समितीच्या आवारात ज्याने एखादी सकाळ उभ्याने काढली आहे, त्याला व्यापाऱ्याचा हात कसा चालतो हे सांगावे लागत नाही. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर रचलेल्या ढिगाच्या माथ्यावरचे देखणे कांदे तो नुसते नजरेखालून घालतो. मग कोपरापर्यंत हात आत खुपसून खालचे दोन-चार उपसून काढतो, त्यांची मान दाबून पाहतो, अंगठ्याच्या नखाने वरचे सालपट उडवतो, आणि खालची पत्तीही तशीच तांबूस, घट्ट व चकचकीत निघाली, म्हणजे माल 'डबल पत्ती'चा ठरला, की मग कोठे त्याची बोली वर सरकते. १९४७ साली स्थापन झालेल्या या बाजारात रंगाची पारख ही अशी बोटांनी होत आली आहे. तीच बोटे एका जर्मन मोटारीच्या दरवाजाच्या रबराखाली शिरताना मी पाहिली, म्हणून हा लेखनप्रपंच.

ती बोटे आमच्या आप्पांची. आप्पांनी उभी हयात कांद्याच्या व्यापारात घालवली आणि व्यवहार मुलांच्या हाती सोपवल्यावर, ज्या वयात माणसे तीर्थयात्रेचे बेत करतात त्या वयात, त्यांनी एक जुनी मर्सिडीज घेण्याचे मनावर घेतले. घ्यायची तर मूळ रंगातली, ही त्यांची अट. मी पेशाने शिक्षक. मोटारींतले मला काडीचे कळत नव्हते. परंतु इंग्रजी कागद वाचायला कोणीतरी सोबत हवे म्हणून माझी नेमणूक झाली आणि पुढचे वर्षभर मी नाइलाजाने, नंतर उत्सुकतेने, या विद्येत थोडा मुरलो.

मर्सिडीज हे नाव आमच्या भागाला परके नाही. १९५४ साली टाटांच्या टेल्को कंपनीने जर्मनीच्या डाइम्लर-बेंझशी करार करून जमशेदपूरला मालमोटारी बांधायला आरंभ केला, आणि पुढे १९६९ पर्यंत कपाळावर तीन टोकांचा तारा मिरवणाऱ्या 'टाटा-मर्सिडीज' देशभर धावल्या. कोल्हापूरकरांना तर जर्मन मोटारीचे कौतुक आणखीच जवळचे. दसऱ्याला छत्रपती ज्या जुन्या मेबॅक गाडीतून दसरा चौकात सोने लुटायला येतात, ती गाडी पाहण्यासाठी लोक रस्त्याच्या दोन्ही अंगांना ताटकळत उभे असतात. पण राजाची गाडी राजालाच शोभते. सामान्य हौशी माणसाचा डोळा ज्या गाडीवर जातो ती १९७६ साली बाजारात आलेली, जाणकारांच्या परिभाषेत 'डब्ल्यू १२३' म्हणून ओळखली जाणारी मर्सिडीज, आणि तिच्यातही डिझेलवर चालणारी '२४० डी'. दहा वर्षांत या गाड्या सुमारे सत्तावीस लाख बांधल्या गेल्या. ग्रीसमधल्या एका टॅक्सीचालकाने तर याच नावाची, पण आधीच्या पिढीतली आपली २४० डी सेहेचाळीस लाख किलोमीटर चालवून २००४ साली कंपनीच्या संग्रहालयाच्या स्वाधीन केली. आपल्याकडे त्या काळी आयातीवर निर्बंध आणि जबर जकात. त्यामुळे ज्या थोड्या गाड्या आल्या त्या वकिलातींच्या वापरातून स्टेट ट्रेडिंग कॉर्पोरेशनच्या लिलावामार्गे, अथवा परदेशातून कायमचे परतणाऱ्या लोकांच्या सामानासुमानाबरोबर. पुण्यात मर्सिडीज मोटारी तयार होऊ लागल्या त्या पुढे १९९५ साली.

या २४० डीविषयी एक गोष्ट महाराष्ट्रात राहणाऱ्या माणसाने अवश्य जाणून घ्यावी. तिच्या इंजिनाचे नाव 'ओएम ६१६', आणि हेच इंजिन आकुर्डीच्या बजाज टेम्पोने परवाना घेऊन इकडे तयार केले व आपल्या ट्रॅक्स आणि ट्रॅव्हलर गाड्यांत बसवले. म्हणजे स्टुटगार्टच्या ज्या मोटारीला नमस्कार करावासा वाटतो, तिचे काळीज आपल्याकडच्या वडापच्या ट्रॅक्समध्ये बारा-पंधरा माणसे कोंबून वर्षानुवर्षे धडधडत आले आहे. डिझेलच्या पंपाचे व नोझलचे तंत्र बॉश या जर्मन कंपनीचे. त्याच घराण्याचा 'मायको' कारखाना नाशिकला सातपुरात असल्यामुळे आमच्या जिल्ह्यातल्या ट्रॅक्टर दुरुस्त करणाऱ्या मिस्त्रीला डिझेलचा पंप म्हणजे घरचे भांडे वाटते. यंत्राची चिंता त्यामुळे आप्पांना कधीच पडली नाही. इंजिन उतरवता येते, बसवता येते, पिस्टन नवे टाकता येतात, आसनांचे कापड पुन्हा शिवता येते. एक रंग मात्र असा आहे की जो कारखान्यात ज्या दिवशी चढला तो चढला. एकदा खरवडला की जगातली कोणतीही तिजोरी तो परत आणून देऊ शकत नाही.

येथे वाचकाचा एक स्वाभाविक घोटाळा दूर केला पाहिजे, कारण गाडी विकणारे सर्व गृहस्थ याच घोटाळ्यावर पोट भरतात. 'ओरिजिनल कलर' हा शब्द जाहिरातीत वाचला म्हणजे त्याचे दोन निरनिराळे अर्थ संभवतात. तहसील कचेरीत ज्यांना जुन्या उताऱ्यांसाठी हेलपाटे घालावे लागले आहेत त्यांना हा भेद चटकन उमगेल. दप्तरात असतो तो अस्सल दस्तऐवज. त्यावरून नक्कलनवीस उतरवून, शिक्का मारून देतो ती 'खरी नक्कल'. कारखान्यात चढलेला रंग, मग तो जागोजागी विटलेला, ओरखडलेला का असेना, पत्र्यावर अजून टिकून असेल तर तो अस्सल. तोच रंग, त्याच क्रमांकाचा, पण चाळीस वर्षांनी नव्याने मारलेला, ही खरी नक्कल. नक्कल वाईट नव्हे. व्यवहारात ती चालते, शोभतेही. गुन्हा होतो तो नक्कल पुढे करून अस्सलाची किंमत मागण्यात. आणि तिसरा प्रकार म्हणजे हिरव्या गाडीला मालकाच्या लहरीने लाल करणे. तो सरळ सरळ बेकायदा फेरफार.

मूळ रंग कोणता हे ठरवायला या गाड्यांपुरता तरी एक भक्कम पुरावा गाडीच्या अंगावरच कोरलेला असतो. बॉनेट उघडले की रेडिएटरच्या वरच्या आडव्या पट्टीवर धातूची छोटी पाटी दिसते. तिच्यावर रंगाचा तीन आकडी क्रमांक असतो. ०४० म्हणजे काळा, ९०४ गडद निळा, ७३७ पांढरा, ८७६ सुरूच्या झाडासारखा धातूची झाक असलेला हिरवा, ६२३ फिकट हस्तिदंती. चासी नंबरच्या आरंभी १२३१२३ हे आकडे असले तर गाडी जन्मतः २४० डी. याखेरीज प्रत्येक गाडी कोणत्या रंगात, कोणत्या सरंजामासह बाहेर पडली याची नोंद असलेले एक पत्रक कारखान्याच्या दप्तरी असते; त्याची प्रत हाती आली म्हणजे गाडीचा सातबाराच हाती आला. फोक्सवॅगनच्या जुन्या बीटल गाड्यांचा असा जन्मदाखला वोल्फ्सबर्गच्या संग्रहालयाकडून मिळतो.

पाटी रंगाचे नाव सांगते, पण पत्र्यावर आहे तो तोच जुना रंग की नवा हात, हे शोधणे हा खरा खेळ. त्यासाठी हल्ली एक मुठीएवढे उपकरण मिळते. पत्र्याला टेकवले की रंगाच्या थराची जाडी ते मायक्रॉनमध्ये सांगते. कारखान्याचा रंग साधारण शंभर ते दीडशे मायक्रॉनच्या आसपास भरतो. दुसरा हात चढला असेल तर आकडा दोनशे-तीनशेवर जातो. आणि पाचशे, हजार असे आकडे दिसू लागले की खाली पत्रा ठोकून वर लांबी, म्हणजे पुट्टी, भरली आहे असे खुशाल समजावे. आप्पांचा या यंत्रावर विश्वास बसला नाही. ते टिचकी मारून आवाज ऐकत. लांबी भरलेल्या जागी आवाज बद्द येतो, खडखडीत पत्र्यावर टणत्कार उठतो.

मुंबईच्या गाड्या आम्ही बऱ्याच पाहिल्या आणि सोडल्या. खाऱ्या हवेने चाकांच्या कमानी, दरवाजाखालचे उंबरठे, जॅक लावण्याची भोके आणि मागच्या काचेच्या रबराखालचा पत्रा आतून पोखरलेला असतो, आणि अशा गाडीवरचा झळझळीत रंग म्हणजे किडक्या दातावरची सोन्याची टोपी. एका दलालाने तर 'संपूर्ण ओरिजिनल' म्हणून दाखवलेल्या गाडीच्या टायरवरही रंगाचे तुषार होते.

शेवटी नाशिकलाच एक गाडी सापडली. पांढरी शुभ्र. मालक सज्जन, सांगणेही प्रामाणिक. त्यांनी ती अशीच घेतली होती आणि तिचा हाच मूळ रंग अशी त्यांची पक्की समजूत होती. आप्पांनी प्रदक्षिणा घातली, बॉनेटकडे पाहिलेसुद्धा नाही, मागचा दरवाजा उघडला आणि रबराची कड उचलून आत बोट फिरवले. बोट बाहेर आले तेव्हा धुळीखाली एक रेघ उघडी पडली होती, दुधात चिमूटभर हळद पडावी तशी.

"सर, खालची पत्ती वेगळी निघाली," आप्पा म्हणाले. "हा माल वांध्यात."

मग बॉनेट उघडले. पाटीवर ६२३. डिकीतले जादा चाक उचलले, तर खाली तळहाताएवढा नव्हे, चांगला पाटाएवढा भाग हस्तिदंती, चकचकीत, जणू कालच कारखान्यातून आलेला. ऊन नाही, पाऊस नाही, रंगाऱ्याचा हातही नाही. मालकांचा चेहरा उतरला, आणि मला त्यांची कीव आली.

या हस्तिदंती रंगाची कथा मोठी गमतीची आहे. जर्मनीत १९७१ सालापासून टॅक्सींना हाच रंग सक्तीचा झाला; त्यापूर्वी त्या काळ्या असत. त्यामुळे तिकडच्या माणसाला हस्तिदंती २४० डी दिसली की तो हात करून थांबवील. आपण ज्या रंगासाठी जिवाचे रान करावे तो तिकडे भाड्याच्या गाडीचा गणवेश! पण जर्मन मोटारीच्या सर्वांत विख्यात रंगाचीही कथा अशीच आहे. १९३४ साली शर्यतीच्या गाडीला साडेसातशे किलोची वजनमर्यादा लागू झाली. नुर्बुर्गरिंगच्या शर्यतीच्या आदल्या दिवशी मर्सिडीजची गाडी किलोभर जड भरली, म्हणून रातोरात तिचा पांढरा रंग खरवडून उघड्या ॲल्युमिनियमच्या अंगाने ती मैदानात उतरवली, आणि तेव्हापासून रुपेरी हा जर्मनांचा शर्यतीचा रंग झाला, असे त्यांचे संघव्यवस्थापक आल्फ्रेड नॉयबाउअर यांनी सांगून ठेवले आहे. त्या शर्यतीला ती मर्यादा लागूच नव्हती असे म्हणून इतिहासकार या कथेवर शंका घेतात. मला मात्र ती आवडते. रंग नसणे हाच जिचा मूळ रंग, अशी वस्तू दुसरी कोणती?

सौदा आप्पांनी लिलावाच्या चालीनेच केला. मागितलेल्या रकमेतून नव्या रंगाचा खर्च वजा, अस्सलपणा गेल्याची तूट वजा, वर मालकांच्या सज्जनपणाबद्दल थोडी मिळवणी. इसार दिला. फॉर्म २९ आणि ३० वर सह्या झाल्या; नाशिकचीच नोंदणी असल्यामुळे ना हरकत दाखल्याचा फेरा वाचला. पंधरा वर्षांनंतर दर पाच वर्षांनी करावे लागणारे नोंदणीचे नूतनीकरण चालू होते हे मी पाहून घेतले, कारण ते थकले की दंडाची रक्कम गाडीच्या प्रेमाची परीक्षा पाहते. २०२१ साली केंद्राने काढलेल्या नियमांप्रमाणे पहिल्या नोंदणीपासून पन्नास वर्षे उलटलेल्या, चासी, बॉडी आणि इंजिन यांत मोठा बदल न झालेल्या गाडीला वीस हजार रुपये भरून 'व्हीए' अक्षरांचा खास क्रमांक घेता येतो. पण मग ती रोज रस्त्यावर काढता येत नाही, प्रदर्शन, रॅली, दुरुस्ती एवढ्यापुरतीच मुभा. आप्पांना बाजारात जायला गाडी हवी होती. २०१४ पासून मुंबईत मर्सिडीजच्या जुन्या गाड्यांची जी रॅली भरू लागली तिच्यात मिरवण्याचाही त्यांना सोस नाही.

आता रंग बदलायचा तर आरटीओत अर्ज करून नोंद बदलून घेणे प्राप्त. मी मसुदा लिहायला बसलो आणि जुने आरसी बुक समोर ओढले, तो रंगाच्या रकान्यात 'क्रीम'! पांढरा रंग देणाऱ्याने कचेरीला कळवलेच नव्हते. सरकारी दप्तराप्रमाणे ही गाडी कधी पांढरी झालीच नव्हती. इतकी वर्षे बेकायदा होती ती तिची सफेदी. नाशिकचा एक हेलपाटा वाचला म्हणून आप्पांना जो हर्ष झाला तो गाडी मिळाल्याच्या हर्षाहून कमी नव्हता.

गाडी लासलगावला आणून कांद्याच्या रिकाम्या चाळीत उभी केली. चाळीइतकी कोरडी, खालून-बाजूंनी वारा खेळणारी जागा मोटारीलाही दुसरी कोठे मिळणार? रंगारी आला. ६२३ क्रमांकाचा डबा मिसळून आणला होता, पण जादा चाकाखालच्या तुकड्याशी तो जुळेना; डबा किंचित पिवळा, तुकडा किंचित दुधाळ. तीनदा रंग मिसळला, तीनदा पत्र्याच्या पट्टीवर मारून, वाळवून, उन्हात धरून पाहिला, तेव्हा चौथ्यांदा डोळ्याला फरक दिसेना. तो पाटाएवढा तुकडा मात्र रंगवायचा नाही, अशी आप्पांची सक्त ताकीद होती. रंगाऱ्याला याचे कारण समजले नाही. तरी त्याने मुकाट्याने जुने वर्तमानपत्र घेतले, चिकटपट्टीने त्या तुकड्यावर चारी कडांनी नीट बसवले आणि फवारा हाती धरला. पान बाजारभावांचे होते. आप्पांनी त्याला थांबवले, चष्मा लावला, आणि डिकीत वाकून त्या दिवशीचा उन्हाळ कांद्याचा भाव वाचून घेतला.