मालमत्ता वादातील फौजदारी खटला व निर्दोष मुक्ततेविरुद्धचे अपील : एक विवेचन

प्रस्तावना :
शेताचा बांध, वाटणी किंवा खरेदीखत यांवरून निर्माण झालेला वाद मूलतः दिवाणी स्वरूपाचा असतो. तथापि, त्यातूनच अतिक्रमण, मारहाण, फसवणूक व खून यांसारखे गुन्हे घडतात. अशा खटल्यातील आरोपी निर्दोष सुटला की ‘आपली जमीनही गेली’ असा फिर्यादीचा समज होतो. मराठवाड्यासाठी औरंगाबाद (आजचे छत्रपती संभाजीनगर) येथे २७ ऑगस्ट १९८१ रोजी मुंबई उच्च न्यायालयाचे पीठ सुरू झाले व १९८४ मध्ये त्यास कायम खंडपीठाचे स्वरूप प्राप्त झाले. त्यामुळे दाद मागण्याचे स्थान जवळ आले; परंतु मार्गाविषयीचे अज्ञान कायम आहे. प्रस्तुत लेखात या मार्गाचा विचार केला आहे.

अपिलाचा अधिकार :
१ जुलै २०२४ पासून अंमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत निर्दोष मुक्ततेविरुद्ध अपिलाचे तीन मार्ग आढळतात.

१) शासनाचे अपील (कलम ४१९) : दखलपात्र व अजामीनपात्र गुन्ह्यात दंडाधिकाऱ्याने आरोपीस सोडल्यास जिल्हा दंडाधिकारी सरकारी अभियोक्त्यास सत्र न्यायालयात अपील करण्याचा निर्देश देऊ शकतात. इतर प्रकरणी राज्य शासन उच्च न्यायालयात जाते व त्यासाठी न्यायालयाची अनुमती आवश्यक असते. साधे फौजदारी अतिक्रमण दखलपात्र असले तरी जामीनपात्र असल्याने त्यास पहिली तरतूद लागू होत नाही.

२) खाजगी तक्रारदाराचे अपील : खटला तक्रारीवरून चालला असल्यास उच्च न्यायालयाची विशेष अनुमती घ्यावी लागते. तक्रारदार लोकसेवक नसल्यास त्यासाठीचा अर्ज ६० दिवसांत करावयाचा असतो.

३) पीडिताचे अपील (कलम ४१३ चे परंतुक) : हा अधिकार जुन्या संहितेच्या कलम ३७२ मध्ये ३१ डिसेंबर २००९ पासून समाविष्ट झाला. मल्लिकार्जुन कोडगली (२०१८) या निर्णयानुसार पीडितास अनुमतीची गरज नाही. दंडाधिकाऱ्याच्या निकालाविरुद्ध हे अपील सत्र न्यायालयात चालते. म्हणजेच गावातील शेतकऱ्यास प्रथम जिल्ह्याच्या ठिकाणीच दाद मागता येते.

पुनरीक्षणाच्या अधिकारात मात्र उच्च न्यायालय मुक्ततेचे रूपांतर दोषसिद्धीत करू शकत नाही, हेही लक्षात घेणे आवश्यक आहे.

अपील न्यायालयाची भूमिका :
चंद्रप्पा विरुद्ध कर्नाटक राज्य (२००७) या निर्णयानुसार अपील न्यायालय संपूर्ण पुराव्याचे पुनर्मूल्यमापन करू शकते. परंतु निर्दोषत्वाचे मूळ गृहीतक मुक्ततेमुळे अधिक दृढ झालेले असते. पुराव्यावरून दोन वाजवी निष्कर्ष संभवत असल्यास मुक्ततेत हस्तक्षेप केला जात नाही. याउलट, महाराष्ट्रातून गेलेल्या शिवाजी साहेबराव बोबडे (१९७३) या प्रकरणात सत्र न्यायालयाने सोडलेल्या आरोपींना उच्च न्यायालयाने दोषी ठरविले व सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय कायम ठेवला. संशय वाजवी असावा, काल्पनिक नसावा, हे तत्त्व त्यात अधोरेखित झाले.

मालमत्ता वादातील विशेष अडचण :
या खटल्यांत पूर्ववैमनस्य दुधारी ठरते. ते गुन्ह्याचा हेतू दर्शविते, तसेच खोट्या गुंतवणुकीची शक्यताही दर्शविते. शिवाय सातबारा अथवा फेरफार नोंद महसुली स्वरूपाची असून तिने मालकी निर्माण होत नाही. अतिक्रमणाच्या गुन्ह्यात ताबा व आरोपीचा उद्देश सिद्ध करावा लागतो. मोहम्मद इब्राहिम (२००९) या निर्णयानुसार दुसऱ्याची जमीन आपली म्हणून विकणे एवढ्यावरूनच बनावट दस्त केल्याचा गुन्हा होत नाही. म्हणून अपिलात केवळ ‘जमीन आमची आहे’ हे सांगणे पुरेसे ठरत नाही; खालच्या न्यायालयाने कोणता पुरावा दुर्लक्षिला अथवा विपरीत वाचला, हे दाखवावे लागते.

निष्कर्ष :
फौजदारी निर्णयाने मालकी हक्क ठरत नाही. आरोपीची मुक्तता झाली तरी हक्क घोषणेचा किंवा ताब्याचा दिवाणी दावा मुदतीच्या अधीन राहून स्वतंत्रपणे चालू शकतो. तेथे पुराव्याचे प्रमाण संभाव्यतेच्या अधिक्याचे असते. अपील हे पीडिताच्या न्यायासाठी आहे, जमीन मिळविण्याचे साधन म्हणून नव्हे. हा भेद समजल्यास पीडिताची वर्षे वाचतील आणि एकदा सुटलेल्या व्यक्तीवर विनाकारण टांगती तलवारही राहणार नाही.