जप्तीची नोटीस आली? आधी दिवस मोजा



आपल्या बैठकीत हप्त्याचा विषय निघतो, नोटिशीचा निघत नाही. नोटीस आली की ती पेटीत जाते. लाज वाटते, हे खरं आहे. पण कायद्याने कर्जदाराला दिलेली बहुतेक संधी दिवसांवर बांधलेली आहे, आणि नोटीस पेटीत असली तरी ते दिवस संपतच असतात.

कर्ज कोणतं ते बघा

बचत गटाच्या कर्जाला १० लाखांपर्यंत बँकेने तारण घ्यायचं नाही, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. त्यामुळे गटाच्या हप्त्यासाठी कुणी "घर विकू" म्हणालं तर घाबरू नका, ते लेखी मागा.

घर तारण ठेवून बँकेचं कर्ज घेतलं असेल तर २००२ चा सरफेसी कायदा लागतो. यात बँक कोर्टात न जाता घर विकू शकते. शेतजमीन या कायद्यातून वगळली आहे. एक लाखापर्यंतचं कर्ज, किंवा मुद्दल-व्याजाच्या २० टक्क्यांपेक्षा कमी बाकी असेल तरीही हा कायदा लागत नाही. पण याचा अर्थ कर्ज माफ झालं असा नाही. वसुलीचे दुसरे मार्ग बँकेकडे असतात.

दिवसांचा हिशोब

१. पहिली मागणी नोटीस: ६० दिवस. रक्कम चुकली असेल, भरलेले हप्ते धरले नसतील तर याच काळात लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. बँकेने १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यायला पाहिजे.

२. ताब्याची नोटीस दारावर लागली: ४५ दिवसांत कर्ज वसुली न्यायाधिकरणात दाद मागता येते. आपल्यासाठी ते छत्रपती संभाजीनगरला आहे. उमरग्याच्या दिवाणी कोर्टात हे प्रकरण चालत नाही, तिथे चकरा मारून दिवस घालवू नका. पूर्वी दाद मागण्याआधीच ७५ टक्के रक्कम भरावी लागायची. ती अट सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये रद्द केली. तरी लिलावाला स्थगिती देताना काही रक्कम भरायला सांगतात, म्हणून हात अगदी रिकामा ठेवू नका.

३. विक्रीची नोटीस: पहिल्या लिलावाआधी ३० दिवसांची नोटीस तुम्हाला मिळाली पाहिजे. जाहीर लिलाव असेल तर दोन वर्तमानपत्रांत जाहिरात, त्यातलं एक स्थानिक भाषेतलं. हे झालं नसेल तर ती तुमची मोठी हरकत आहे.

सगळी बाकी खर्चासह भरून घर सोडवायचा हक्क लिलावाची जाहिरात निघेपर्यंतच असतो. मुंबईच्या बाफना मोटर्स कंपनीची जागा युनियन बँकेने लिलावात काढली, १०५ कोटींची बोली लागली. त्यानंतर कंपनी १२९ कोटी भरायला तयार झाली. उच्च न्यायालयाने परवानगीही दिली. पण सप्टेंबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली, कारण वेळ निघून गेली होती. एवढ्या मोठ्या कंपनीला जो नियम, तोच आपल्या पत्र्याच्या घराला.

पतसंस्थेचं कर्ज असेल तर

इथे सहकार कायदा लागतो. निबंधकांकडून वसुली दाखला निघतो आणि वसुली अधिकारी जप्ती करतो. दाखल्याविरुद्ध पुनरीक्षण अर्ज करायचा तर ५० टक्के रक्कम आधी भरावी लागते. मात्र लिलाव झाला तरी ३० दिवसांत थकबाकी आणि विक्री किमतीच्या ५ टक्के रक्कम भरली तर विक्री रद्द होते.

वकील कुठून आणायचा?

बाईला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. १९८७ च्या विधी सेवा कायद्यातच तसं आहे. उमरगा कोर्टातल्या तालुका विधी सेवा समितीत साधा अर्ज द्या, किंवा १५१०० वर फोन करा.

घर दोघांच्या नावावर असेल, किंवा तुम्ही जामीनदार म्हणून सही केली असेल, तर नोटीस तुमचीही आहे. "मालक बघतील" म्हणून सोडू नका. पाकिटावर मिळाल्याची तारीख लिहा, पाकीट फेकू नका. कर्जाचा खातेउतारा बँकेतून मागा. एकरकमी तडजोड हा हक्क नाही, पण मागता येते. ठरली तर लेखी घ्या, तोंडी शब्दावर पैसे देऊ नका.

पुढच्या बैठकीत हा लेख मोठ्याने वाचा. ज्या ताईच्या घरी नोटीस आली असेल, ती सगळ्यांसमोर बोलेलच असं नाही. सचिवांनी बैठक संपल्यावर थोडं थांबावं.