आलीची टेकाडे आणि आलीची चाके

बहरीनची राजधानी मनामा इथून नैऋत्येला दहाएक किलोमीटर गेले की आली लागते. मराठी कानाला क्रियापद वाटावे असे हे नाव. गाव म्हणायची सवय राहिली आहे इतकेच. घरे, दुकाने आणि हमरस्ते यांनी ते केव्हाच राजधानीला चिकटले. पण गल्लीच्या वळणावर, घरांच्या मधोमध, दोन-तीन मजली इमारतीएवढे मातीचे टेकाड अचानक उभे राहते आणि हे साधे उपनगर नाही हे कळते. चार हजार वर्षांपूर्वी या बेटावर नांदलेल्या दिलमून राज्याच्या राजांची ही थडगी. यांपैकी काही टेकाडांच्या पोटात आणि पायथ्याशी इथल्या कुंभारांनी आपल्या भट्ट्या घातल्या. पुराणवस्तूंवर प्रेम करणाऱ्याला हे पाहून हळहळ वाटते, आणि ती समजण्यासारखी आहे. तरीही आली ओळखायची तर थडगे आणि भट्टी एकत्रच पाहावी लागतात. त्यांतले एकच पाहण्याची चूक या गावाबाबत एकदा होऊन गेली आहे.

आधी थडग्यांचा हिशेब. २०१९ साली युनेस्कोने दिलमूनच्या दफन-टेकाडांना जागतिक वारसा म्हणून मान्यता दिली. एकूण २१ स्थळे. त्यांतली सहा म्हणजे माळावर पसरलेली टेकाडांची मैदाने आणि उरलेल्या १५ स्थळांवर १७ शाही टेकाडे, तीही सगळी आलीत. काळ इसवी सनापूर्वी २२०० ते १७५०. ओलिताची जमीन बेटाच्या उत्तरेला, म्हणून मृतांना जागा दिली ती पिकाला निरुपयोगी अशा चुनखडीच्या माळावर. साध्या माणसाचे थडगेही नेटके असे: मधे दगडी कोठडी, वर शिळांचे झाकण, भोवती गोल भिंत आणि आत खडी-मातीची भर. मृताला कुशीवर, गुडघे पोटाशी घेऊन निजवत. शेजारी मातीचे भांडे, कधी शहामृगाच्या अंड्याचा पेला. राजांच्या कोठड्या मात्र दुमजली. अलीकडच्या उत्खननात इथे सापडलेल्या दगडी भांड्यांच्या तुकड्यांवर कीलाकार लिपीत यागली-एल या राजाचे नाव वाचता आले, आणि एवढी वर्षे नुसती ‘शाही’ म्हटली जाणारी टेकाडे खरोखरच राजांची ठरली.

आता ती चूक. १८७९ साली ड्युरँड, १८८९ साली बेंट दांपत्य, १९०६ पासून प्रिडॉक्स असे एकामागून एक खणणारे इथे आले. १९२५ साली आले अर्नेस्ट मॅके, ज्यांनी पुढे मोहेंजोदडोच्या उत्खननाची सूत्रे हाती घेतली. थडगी हजारो, वस्ती एकही दिसेना. तेव्हा मॅके यांनी निष्कर्ष काढला की हे मृतांचे बेट असावे, समोरच्या मुख्य भूमीवरून लोक आपली प्रेते इथे आणून पुरत असावेत. तर्क सरळ होता, पण पुरावा एकतर्फी होता. थडगी डोळ्यांत भरत होती म्हणून थडगीच खणली गेली. जिवंत माणसे कुठे राहत याचा शोध नेटाने कोणी घेतला नाही. १९५३ नंतर पी. व्ही. ग्लोब आणि जेफ्री बिबी यांच्या डॅनिश मोहिमेने बार्बारचे मंदिर आणि कलात अल-बहरीन या किल्ल्याखालचे शहर उजेडात आणले. तिथे सिंधू संस्कृतीच्या मापाची वजने निघाली. प्रेते बाहेरून येत नव्हती. इथे जगणारी, व्यापार करणारी माणसेच इथे मरत होती. आज आलीत येऊन फक्त टेकाडांचे फोटो काढणारा पाहुणा मॅके यांच्याच वाटेने चाललेला असतो.

ती वाट टाळायची तर टेकाडाबरोबर भट्टीकडेही यायला हवे. आलीचा कुंभार जमिनीलगत बसतो, पाय खाली सोडतो आणि पायाने चाक फिरवतो. हात वर मातीवर मोकळे राहतात. पूर्वीची मुख्य उत्पादने म्हणजे पाण्याचे रांजण, माठ आणि हुक्क्याची भांडी. झिलई न केलेल्या मातीतून पाणी झिरपते, वाऱ्याने उडते आणि आतले पाणी गार होते, हे मराठी घराला शिकवायला नको. नागपूरचा माठ रत्नागिरीच्या माठापेक्षा गार का, याचे उत्तर बहरीनलाही लागू पडते: जूनमध्ये कोरडा शमाल वारा सुटतो तेव्हा माठ कामाला येतो, ऑगस्टच्या दमट हवेत तो अर्धाच चालतो. भाजण्यासाठी खजुराचे खोड आणि झावळ्या. आणि भट्टीला टेकाडाची कूस का? दाबून बसलेल्या मातीचा ढीग उष्णता धरून ठेवतो आणि भिंतींना आधार देतो. राजासाठी रचलेली भर कुंभाराला तयार इन्सुलेशन म्हणून सापडली.

यावर पहिला आक्षेप उघड आहे: हा वारशाचा नाश नव्हे काय? आहे, आणि नवे खोदकाम बंदच असले पाहिजे. पण प्रमाण पाहावे. बेटावर मुळात ७५,००० च्या आसपास टेकाडे असावीत असा अभ्यासकांचा अंदाज आहे, उरली ११,७७४. हा फरक कुंभारांनी पाडलेला नाही. तो रस्त्यांनी आणि १९८० च्या दशकात उभ्या राहिलेल्या हमद टाउनसारख्या वसाहतींनी पाडला. आपल्याकडेही शेतकरी गावाच्या पांढरीची माती गाड्या भरभरून नेत आला आहे आणि तिच्याबरोबर ताम्रपाषाणयुगीन घरांचे तुकडे शेतात पसरत गेले आहेत. पण संपूर्ण पांढरी सपाट करायला बुलडोझरच लागतो. नागपूरजवळच्या जुनापाणीची शिळावर्तुळेही अशीच माळावरची थडगी. अशा जागांना खरा धोका माळाला ‘मोकळी जागा’ समजणाऱ्या नकाशापासून असतो. जुनी, टेकाडात मुरलेली भट्टी ही त्या टेकाडाच्या आयुष्यातली नंतरची नोंद आहे. ती खरवडून काढली तर दिलमून परत येणार नाही, फक्त मधली पाने फाटतील.

दुसरा आक्षेप अधिक टोकदार आहे. चार हजार वर्षांची अखंड परंपरा ही पर्यटकांना सांगायची गोष्ट नाही का? बरोबर आहे. थडग्यातल्या भांड्यांपासून आजच्या चाकापर्यंत न तुटलेली साखळी कोणी दाखवून दिलेली नाही, आणि ती गृहीत धरणे हा प्रामाणिकपणा नव्हे. पण कसब जपायला ते प्राचीनच असले पाहिजे असे कोणी ठरवले? तिसरा आक्षेप बाजाराचा. १९३२ मध्ये तेल लागले, पुढे वीज आणि फ्रिज घरोघर पोहोचले, रांजणाचे काम संपले. मग चाक फिरवायचे कशासाठी? उत्तर दुकानांतच मांडलेले आहे: धूपदाण्या, कुंड्या, दिवे, पैसे साठवायचे गल्ले. कुंभाराने गिऱ्हाईक पाहून घाट बदलला, जसा धारावीच्या कुंभारवाड्याने पणत्या आणि कुंड्यांकडे वळवला. याला ऱ्हास म्हणणारे लोक रांजणाला कलाकुसर समजतात. रांजण ही गरजेची वस्तू होती, आणि गरज बदलली की वस्तू बदलणारच.

धोका आहे तो वेगळा. संरक्षित टेकाड कोणी शिकले नाही तरी उभे राहते. चाक शिकणारा नसेल तर एका पिढीत थांबते. दगडमातीला कुंपण घालता येते, हाताच्या सवयीला घालता येत नाही. म्हणून वारसा जपणाऱ्यांचा पैसा फलक आणि दिव्यांइतकाच शिकाऊ मुलांच्या मजुरीवर खर्च व्हायला हवा. जागतिक वारशाच्या नोंदीत टेकाडे एककापर्यंत मोजलेली आहेत: ११,७७४. आलीत चालू असलेली चाके मोजायला एक दुपार पुरेल. ती मोजणी आधी व्हावी.