ऑपरेशननंतर कुत्र्याला शांत ठेवा

नसबंदीनंतर कुत्रा दुसऱ्याच दिवशी उड्या मारतो आणि घरच्यांना वाटते, बरा झाला. पण आतली जखम कच्ची असते; उडी मारली, चाटले की टाके उसवतात. म्हणून आम्ही सांगतो, १० ते १४ दिवस धावू देऊ नका.

एकाच खोलीचे घर असले तरी दाराआड कोरडे पोते अंथरा, पुढे जुनी साडी टांगा. गल्ली दिसली नाही की तो भुंकत, ओढत नाही. बाहेर दोरी धरूनच न्या. गळ्यात नरसाळ्यासारखी कॉलर घाला. लेकरांना दूर ठेवा. दुखणारा कुत्रा घरच्यांनाही चावतो.

माणसांच्या दुखण्याच्या गोळ्या देऊ नका. आयब्रुफेन त्याला विषासारखी. रक्त, पू, सूज दिसली तर जवळच्या सरकारी पशुवैद्यकीय दवाखान्यात लगेच न्या.