थांबलेला डाव कोठे राहतो?

रात्री नऊ वाजता संगणकावरचा खेळ अर्ध्यावर सोडून तुम्ही जेवायला उठता. संगणक बंद होतो, पडदा काळा होतो. दुसऱ्या दिवशी शाळेतून आल्यावर खेळ पुन्हा सुरू करावा, तर तुमचा गडी काल जेथे उभा होता तेथेच उभा! त्याच्या पेटीतला कोळसा, लोखंड, अर्धवट बांधलेली भिंत, सारे जसेच्या तसे. मधल्या वेळात हे सगळे कोठे होते? आणि ज्या जागी होते ती जागाच नाहीशी झाली तर?

पहिल्या प्रश्नाचे उत्तर गमतीचे आहे. दुसऱ्याचे उत्तर मात्र आधीच ठाऊक असलेले बरे, कारण ते नंतर कळून उपयोग नसतो.

एका क्षणाची नोंद

संगणक बाजूला ठेवून बुद्धिबळाचा विचार करू या. मोठ्या स्पर्धांतील लांबलेले डाव पूर्वी तहकूब करीत. पटावरील सोंगट्यांची जागा कागदावर टिपून घेत, आणि ज्याची पाळी असेल तो खेळाडू आपली पुढची चाल लिहून पाकिटात बंद करी. 1972 साली आइसलंडमधील रेक्याविक येथे बॉबी फिशर आणि बोरिस स्पास्की यांच्यात झालेल्या जगज्जेतेपदाच्या सामन्याचा 21 वा डाव असाच तहकूब झाला होता. दुसऱ्या दिवशी स्पास्कीने दूरध्वनीवरूनच हार कळवली.

डाव पुन्हा मांडण्यासाठी काय काय लागते? कोणती सोंगटी कोणत्या घरात आहे, पाळी कोणाची, कॅसलिंगचा हक्क कोणाला उरला आहे, घड्याळात किती वेळ शिल्लक आहे, अशा थोड्याच गोष्टी. खेळाडूंनी कोणत्या रंगाचा सदरा घातला होता हे लिहून ठेवावे लागत नाही. पदार्थविज्ञानात अशा पुरेशा नोंदीला आपण ‘अवस्था’ म्हणतो. फेकलेल्या चेंडूचे एका क्षणीचे स्थान आणि वेग कळले, की गतीच्या नियमांवरून त्याचा पुढचा मार्ग काढता येतो. खेळाचेही तसेच. नियम संगणकाजवळ आहेत. त्याला हवी असते ती फक्त त्या क्षणाची अवस्था.

ही नोंद किती लहान असू शकते ते मोजू या. पटावर घरे 64. प्रत्येक घरात 13 पैकी एक शक्यता: दोन रंगांच्या प्रत्येकी सहा प्रकारच्या सोंगट्या, किंवा रिकामे घर. 13 शक्यता लिहायला 4 बिट पुरतात, कारण 4 बिटांनी 16 वेगवेगळ्या खुणा होतात. म्हणजे संपूर्ण पटासाठी 64 × 4 = 256 बिट, अर्थात अवघे 32 बाइट! संगणकातला जतन केलेला खेळ म्हणजे अशीच नोंद. फक्त खूप मोठी.

वीज गेली तरी टिकणारी स्मृती

खेळ चालू असताना ही अवस्था संगणकाच्या रॅममध्ये असते. रॅम अतिशय चपळ, पण वीज गेली की रिकामी. 1978 सालच्या ‘स्पेस इन्व्हेडर्स’ या यंत्रात दिवसभरातील सर्वोच्च गुणसंख्या दिसे, पण यंत्र बंद केले की तीही पुसली जाई. पुढे 1987 साली अमेरिकेत आलेल्या ‘द लेजंड ऑफ झेल्डा’ या खेळाच्या कार्ट्रिजमध्ये निन्टेन्डो कंपनीने 8 किलोबाइटची स्मृती आणि ती जागी ठेवणारी नाण्याएवढी बॅटरी बसवली. यंत्र बंद असतानाही ती बॅटरी स्मृतीला थोडी थोडी वीज पुरवीत राही. बॅटरी संपली की खेळही गेला. तेव्हाची कार्ट्रिज बाळगणाऱ्यांना म्हणूनच त्यांतील बॅटरीची काळजी घ्यावी लागते.

आजच्या संगणकात ही नोंद हार्ड डिस्कवर किंवा एसएसडीवर जाते. हार्ड डिस्कमध्ये ती सूक्ष्म भागांच्या चुंबकीकरणाच्या दिशेत असते, तर एसएसडीमध्ये अडकवून ठेवलेल्या विद्युतभारात. दोहोंनाही नोंद राखायला सतत वीज लागत नाही. मात्र दोन्ही वस्तूच आहेत, आणि वस्तू केव्हा तरी बिघडतात.

काय परत मिळते, काय मिळत नाही

तुमच्यापैकी अनेकांच्या ओळखीचे उदाहरण घेऊ: माइनक्राफ्ट. स्वीडनमध्ये 2009 साली सुरू झालेल्या या खेळातील डोंगर, नद्या, गुहा कोणी हाताने रचलेल्या नाहीत. एका बीजसंख्येवरून गणिताने त्या तयार होतात. खेळाची आवृत्ती तीच आणि बीजसंख्या तीच असेल, तर तोच प्रदेश पुन्हा उभा राहतो. मुंबईत आणि मेलबर्नमध्ये एकच संख्या दिली तर दोन्हीकडे डोंगर त्याच जागी!

पण त्या डोंगरावर तुम्ही तीन महिने खपून बांधलेला किल्ला बीजसंख्येत नसतो. तो फक्त तुमच्या फाइलींत असतो. खेळ हे जग 16 × 16 ठोकळ्यांच्या उभ्या तुकड्यांत विभागतो. 2021 सालच्या 1.18 या आवृत्तीपासून नेहमीच्या जगाची उंची 384 ठोकळे झाली; म्हणजे एका तुकड्यात 16 × 16 × 384 = 98,304 जागा. असे 32 × 32, म्हणजे 1024 तुकडे मिळून एक फाइल होते. जेथे तुम्ही गेलाच नाहीत तेथले तुकडे सहसा लिहिलेलेच नसतात. गरज पडली की ते बीजसंख्येवरून तयार करता येतात.

येथे आपल्या लेखाचे सूत्र सापडते. संगणक बिघडला तर खेळ पुन्हा उतरवून घेता येतो, विंडोज पुन्हा बसवता येते, डोंगरही परत मिळतो. परत मिळत नाही ते तुम्ही स्वतः केलेले. राखीव प्रत ठेवायची ती त्याची.

फाइल शोधायची कशी?

विंडोजवर माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीची जगे शोधण्यासाठी विंडोजची खूण असलेली कळ आणि ‘आर’ ची कळ एकदम दाबा. उघडलेल्या चौकटीत टक्क्याचे चिन्ह, ‘ॲपडेटा’ हा शब्द आणि पुन्हा टक्क्याचे चिन्ह, असे इंग्रजीत मध्ये जागा न सोडता लिहा व एंटर दाबा. ‘रोमिंग’ नावाचा फोल्डर उघडेल. त्यात माइनक्राफ्टचा फोल्डर (त्याच्या नावाआधी एक टिंब असते), आणि त्यात ‘सेव्हज’. तेथे प्रत्येक जगाचा एक स्वतंत्र फोल्डर दिसेल. हा ‘ॲपडेटा’ फोल्डर विंडोज एरवी लपवून ठेवते, त्यामुळे नुसते चाळत गेलात तर तो दिसणार नाही.

इतर खेळांच्या जागा वेगळ्या असतात. ‘डॉक्युमेंट्स’मधील ‘माय गेम्स’, तुमच्या नावाच्या फोल्डरातील ‘सेव्ह्ड गेम्स’, ‘ॲपडेटा’तील ‘लोकल’ आणि ‘लोकललो’, किंवा स्टीमवरून घेतलेल्या काही खेळांसाठी स्टीमच्या फोल्डरातील ‘युजरडेटा’, या ठिकाणी आधी पाहावे.

तेथेही सापडले नाही तर छोटा प्रयोग करा. खेळ सुरू करून जतन करा आणि घड्याळातील वेळ टिपून ठेवा. खेळ बंद करा. आता या फोल्डरांतील फाइली बदलाच्या वेळेनुसार लावा. तुम्ही टिपलेल्या मिनिटालाच जी फाइल बदलली, तिच्यावर संशय घ्यायला हरकत नाही. पाच मिनिटांनी हीच कृती पुन्हा करा. पुन्हा तीच फाइल बदलली तर संशय बळावला. एकदा घडले तो योगायोग असू शकतो, म्हणून प्रयोगशाळेत आपण प्रयोग पुन्हा करून पाहतो, येथेही तेच.

एकच प्रत म्हणजे प्रत नव्हे

1998 साली कॅलिफोर्नियातील पिक्सार या संस्थेत ‘टॉय स्टोरी 2’ या चित्रपटाचे काम चालू असताना संगणकाला दिलेल्या एका चुकीच्या आज्ञेने चित्रपटाच्या फाइली भराभर पुसल्या जाऊ लागल्या. राखीव प्रती घेण्याची व्यवस्था होती, पण ती नीट चालत नव्हती हे गरज पडल्यावर उघड झाले. काम वाचले ते गॅलिन सुसमन या तंत्रदिग्दर्शिकेमुळे. बाळ लहान असल्याने त्या घरून काम करीत, म्हणून चित्रपटाची एक प्रत त्यांच्या घरच्या संगणकावर होती. चित्रपट 1999 साली झळकला.

या प्रसंगातून दोन गोष्टी शिकण्यासारख्या आहेत. पहिली म्हणजे प्रत दुसऱ्या जागी हवी. समजा, एखादी डिस्क वर्षभरात बिघडण्याची शक्यता 20 मध्ये 1 आहे (हा आकडा केवळ उदाहरणादाखल). दोन वेगळ्या डिस्कांवर प्रती असतील तर दोन्ही त्याच वर्षी बिघडण्याची शक्यता 20 × 20, म्हणजे 400 मध्ये 1. तीन असतील तर 8000 मध्ये 1. पण हा गुणाकार करायची अट ठाऊक आहे ना? घटना एकमेकींपासून स्वतंत्र हव्यात. एकाच डिस्कवर दोन फोल्डर केले तर डिस्क बिघडताच दोन्ही जातात. शक्यता 20 मध्ये 1 च राहते. माइनक्राफ्टमध्ये राखीव प्रत करण्याचे बटण आहे, पण ते प्रत ठेवते सहसा त्याच डिस्कवर. पेनड्राइव्ह कायम संगणकाला जोडून ठेवला तर विजेचा एकच जोराचा झटका दोघांनाही पुरतो.

म्हणून जाणकार 3–2–1 हा नियम सांगतात: मूळ धरून तीन प्रती, दोन प्रकारच्या माध्यमांवर, आणि त्यांपैकी एक घराबाहेर. घराबाहेरची प्रत मामाच्या किंवा मावशीच्या घरी पेनड्राइव्हवर असेल, नाही तर इंटरनेटवरील साठवणीत.

इंटरनेटवर आपोआप जुळवून घेणाऱ्या सोयींबाबत एक सावधगिरी बाळगा. त्या आरशासारख्या असतात. तुम्ही फाइल पुसली किंवा ती खराब झाली, तर तिकडची प्रतही पुसली जाऊ शकते किंवा खराब होऊ शकते. जुन्या तारखेच्या प्रती वेगळ्या राखल्या, तरच मागे जाता येते.

दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची. जी प्रत परत वापरून पाहिली नाही, तिच्यावर विसंबू नये.

करून पाहा

1. खेळ पूर्ण बंद करा. तो चालू असताना अवस्थेचा काही भाग रॅममध्येच असतो आणि फाइली अर्ध्या लिहिलेल्या असू शकतात.

2. एखादीच फाइल न घेता जगाचा संपूर्ण फोल्डर पेनड्राइव्हवर कॉपी करा. फोल्डर ‘कट’ करू नका.

3. प्रतीच्या नावात तारीख घाला. निदान शेवटच्या तीन तारखांच्या प्रती ठेवा. बिघाड पुष्कळदा उशिरा लक्षात येतो.

4. पेनड्राइव्ह काढण्यापूर्वी तो सुरक्षितपणे बाहेर काढण्याची आज्ञा द्या, आणि मग तो संगणकापासून दूर ठेवा.

5. आता खरी परीक्षा. पेनड्राइव्हवरील प्रत वेगळ्या नावाने पुन्हा ‘सेव्हज’मध्ये कॉपी करा. मूळ फोल्डरला हात लावू नका. खेळ सुरू करा. यादीत दुसरे जग दिसेल. त्यात शिरून आपला किल्ला जागेवर आहे का ते पाहा. असेल, तर तुमच्याजवळ खरोखरच राखीव प्रत आहे.

शिक्षकांना हा प्रयोग संगणकाच्या तासाला घेता येईल. खेळाचे नाव काढताच वर्गात उत्साह येतो, आणि शिकवले जाते ते मात्र सर्वत्र लागू पडते. विज्ञान प्रदर्शनाचा अहवाल, आजीच्या आवाजातील ओव्यांचे ध्वनिमुद्रण, घरातील छायाचित्रे, वर्गाच्या गुणांचे तक्ते हे सारे बीजसंख्येवरून पुन्हा तयार होणारे डोंगर नव्हेत. ते माणसांनी बांधलेले किल्ले आहेत. तेव्हा आज घरी गेल्यावर आपल्या संगणकातील अशा किल्ल्यांची एक यादी करा, आणि प्रत्येकापुढे लिहा: प्रती किती, कोठे, आणि शेवटची केव्हा उघडून पाहिली?