दुय्यम भूमिकेचें मोठेपण

चित्रपट पाहून घरीं परततांना आपण नायक-नायिकेविषयीं बोलतों. आत्याबाई, शेजारीण, थोरली लेक अशीं कामें करणाऱ्या नटीचें नांवहि पुष्कळदां आपणांस ठाऊक नसतें. अशाच एका जपानी नटीची, हारुको सुगिमुराबाईंची, आज ओळख करून देणार आहें.

हिरोशिमांत जन्मलेल्या या बाई खऱ्या रंगभूमीच्या. १९३७ सालीं स्थापन झालेल्या 'बुन्गाकुझा' या नाट्यसंस्थेच्या त्या आधारस्तंभ. १९४५ च्या एप्रिलांत, तोक्योवर बाँबवर्षाव होत असतां, 'ओन्ना नो इश्शो' म्हणजे 'एका स्त्रीचें जीवन' या नाटकांत त्या प्रथम नायिका म्हणून उभ्या राहिल्या. पुढें त्या भूमिकेचे त्यांनीं नऊशेंहून अधिक प्रयोग केले.

चित्रपटांत मात्र त्यांच्याकडे बहुधा बाजूचीं कामें येत. यासुजिरो ओझु यांच्या १९४९ च्या 'बान्शुन'मध्यें त्या भाचीच्या लग्नासाठीं धडपडणारी आत्या आहेत. देवळाच्या आवारांत सांपडलेलें पैशाचें पाकीट शुभशकुन समजून ती जवळ ठेवते, आणि पोलीस दिसतांच लगबगीनें पुढें सटकते!

परंतु त्यांच्या कलेची खरी कसोटी १९५३ च्या 'तोक्यो मोनोगातारी'त लागली. ओनोमिचीहून म्हातारे आईबाप तोक्योस मुलांकडे येतात. थोरली लेक शिगे घरींच केशभूषेचें दुकान चालविते. नवऱ्यानें सासूसासऱ्यांसाठीं आणलेली मिठाई महाग म्हणून ती कुरकुरते, आणि कुरकुरतां कुरकुरतां त्यांतलीच तोंडांत टाकते. गिऱ्हाइकानें विचारतांच आईबाप 'गांवाकडचे ओळखीचे' होतात. आई वारल्यावर ती हुंदके देऊन रडते. आणि अंत्यविधीनंतरच्या जेवणांतच आईचीं वस्त्रें मागते.

या शिगेला दुष्ट रंगविणें किती सोपें होतें! सुगिमुराबाईंनीं तें केलें नाहीं. तिचें रडणें खरें, तसें मागणेंहि खरें. दुकान, संसार व रोजची घाई यांत तिचें प्रेम आटलेलें नाहीं. त्याला सवड मात्र उरलेली नाहीं. म्हणून तिचा राग येतां येतां आपणांस आपलेंच घर आठवतें. सेत्सुको हारा यांनीं रंगविलेल्या विधवा सुनेची माया इतकी उठून दिसते, तीहि या लेकीमुळेंच.

१९९५ मध्यें सरकारनें देऊं केलेला संस्कृति-सन्मान बाईंनीं नाकारला. १९९७ मध्यें त्या निवर्तल्या. श्रोतेहो, हा चित्रपट पाहण्याचा योग आल्यास नायिकेवरून क्षणभर दृष्टि काढून या थोरल्या लेकीकडे अवश्य पाहा.