गाठीतली अंडी खाणारी बुरशी

संपादकांना नंदुरबारच्या पपईवर लेख हवा होता: व्हायरस, भाव, व्यापारी, नेहमीचंच. शहादा तालुक्यातल्या एका बागेत मात्र माझं लक्ष बांधावरच्या पिंपाकडे गेलं. शेतकरी पाकिटातली पावडर पाण्यात ओतून कोपरापर्यंत हात घालून ढवळत होता. हातमोजे, मास्क, चष्मा वापरा, असं पाकिटाच्या मागे बारीक अक्षरात छापलेलं. मी तिकडे बोट दाखवलं तर तो हसला. "हाई जैविक शे भाऊ, काही नही व्हस."

पाकिटात होती पर्प्युरिओसिलियम लिलॅसिनम ही बुरशी. कृषी सेवा केंद्रात ती अजून पॅसिलोमायसिस या जुन्याच नावाने मिळते. चार्ल्स थॉम यांनी 1910 मध्ये तिला पेनिसिलियमच्या कुळात बसवलं, 1974 मध्ये ती पॅसिलोमायसिसमध्ये गेली आणि 2011 मध्ये तिचं वेगळं घराणं मानलं गेलं. शेतीला तिची ओळख झाली 1979 मध्ये. पेरू देशातल्या आंतरराष्ट्रीय बटाटा केंद्राच्या संशोधकांना ती सूत्रकृमी या मुळांतल्या बारीक किड्यांच्या अंड्यांवर वाढताना दिसली. नावनिशीचा भाग इथे संपवू. गंमत पुढेच आहे.

पपईचं झाड वरून पिवळं पडतं, वाढ खुंटते, खत देऊन फरक पडत नाही. उपटून पाहावं तर मुळ्यांवर गाठीच गाठी. आत सूत्रकृमीची मादी फुगून बसलेली असते. ती जागची हलत नाही. एका चिकट गोळ्यात शेकड्यांनी अंडी घालते. उबदार जमिनीत महिन्याभरात पुढची पिढी तयार. आणि आपल्याकडची पिकं पाहा: पपई काढली की मिरची, मिरचीनंतर केळी. तिन्ही या किड्याची आवडती. पीक बदललं तरी त्याचं ताट वाढलेलंच राहतं.

ही बुरशी पळत्या अळीच्या मागे लागत नाही. ती अंड्यांवर जाते. तिचा धागा अंड्यांच्या गोळ्यावर पसरतो, कवचाला चिकटून टोकाशी चपटा होतो आणि तिथे दाब देत विकरं सोडतो. अंड्याच्या कवचात प्रथिनं आणि कायटिन असतं. एक विकर प्रथिनं तोडतं, दुसरं कायटिन. भोक पडलं की धागा आत शिरून गर्भ खातो. अंडं जितकं ताजं तितकं तिला सोपं. आत अळी पूर्ण तयार झाली असेल तर ती बरेचदा निसटते. म्हणजे आज आळवणी केली आणि आठवड्यात झाड हिरवं झालं, असं होत नाही. ती या पिढीला फारसं मारत नाही, पुढची पिढी रोखते. मला हा चिवटपणा फार आवडला.

तिच्या आधी गाठींवर थिमेट हे रासायनिक कीटकनाशक पडायचं. 31 डिसेंबर 2020 नंतर त्यावर बंदी आली. 2017 मध्ये यवतमाळला फवारणीच्या विषबाधेने वीसहून अधिक जण दगावले, ते आठवलं की या पावडरीचं स्वागतच करावंसं वाटतं. मी तरी करतो.

पण "काही नही व्हस" हे खरं नाही. 1975 मध्ये अमेरिकेत मोतीबिंदूनंतर बसवायच्या कृत्रिम भिंगांच्या द्रावणात हीच बुरशी शिरली आणि रुग्णांच्या डोळ्यांत आतून संसर्ग झाला. 1993 मध्ये स्वित्झर्लंडमधल्या बाझेलच्या रुग्णालयात त्वचेला लावायच्या दूषित लोशनमधून ती 25 पैकी 9 रुग्णांना लागली. त्यांची प्रतिकारशक्ती आधीच खालावलेली होती. धडधाकट माणसाला ती क्वचितच लागते, हेही तितकंच खरं. शेतीसाठी जगभर विकला जाणारा तिचा 251 हा वाण 36 अंशांच्या वर वाढत नाही, म्हणून शरीराच्या आत तो टिकणार नाही असं मानतात. बुबुळाचा पृष्ठभाग मात्र शरीरापेक्षा थंड असतो, साधारण 34 अंश. आणि शेतात डोळ्याला पात, काडी, कुसळ लागणं रोजचंच.

पुढची अडचण दवाखान्यात. बुबुळावर बुरशीची जखम झाली की आपल्याकडे आधी फ्युजेरियम आणि अ‍ॅस्परजिलस यांचा संशय घेतात, आणि बहुतेकदा तो बरोबर असतो. सूक्ष्मदर्शकाखाली हीही फ्युजेरियमसारखी दिसू शकते. नेमकी ओळख पटायला जखमेतला अंश घेऊन कल्चर लावावं लागतं, त्यात दिवस जातात. अँफोटेरिसिन बी हे बुरशीविरोधी औषध हिच्यावर सहसा चालत नाही, व्होरिकोनॅझोल बऱ्याचदा चालतं. धडगाव, अक्कलकुव्याच्या पाड्यांवरून डोळ्यांच्या डॉक्टरपर्यंत पोचायचं तर वाट लांबची. तोवर मेडिकलमधून लालीसाठी थेंब आणले जातात. त्यात स्टेरॉइड असलं तर लाली उतरते आणि बुरशी फोफावते.

शेतातही तिचं सगळं सुरळीत नाही. ती जिवंत आहे, हेच दुकानदार विसरतो. फेब्रुवारी-मार्चमध्ये इकडे पपईची लागवड होते, त्यानंतर पारा चाळिशी ओलांडतो आणि पाकिटं पत्र्याच्या गोदामात तापत पडतात. मूळकुजीसाठी ठिबकमधून बुरशीनाशक सोडलं जातं, आणि विकत आणलेली बुरशीही त्यात मरते. मग बोंब उठते की जैविकाने काही होत नाही.

तेव्हा पाकीट सावलीतलं, ताज्या तारखेचं घ्या. शेणखत आणि निंबोळी पेंडीबरोबर, ओलाव्यात द्या. बुरशीनाशकात अंतर ठेवा. पावडर कालवताना वाऱ्याकडे पाठ करा, चष्मा लावा. आणि डोळ्याला काडी लागून लाली आली, तर दुकानातले थेंब न घालता सरळ नेत्रतज्ज्ञाकडे जा आणि शेतात कोणती पावडर वापरली ते पाकीट दाखवून सांगा.